निरोपाची शाल

भुरीटोल्याच्या वननाक्यावर रत्नमाला सुखदेवेने तो ट्रॅक्टर अडवला नसता, तर पुढचं काहीच घडलं नसतं. पण तिने अडवला. वर तणस होती आणि खाली सागवान. तणशीचे भारे इतके नीट रचलेले होते, की तिला त्यावरूनच शंका आली. ढोरांसाठी तणस नेणारा माणूस एवढा जीव लावून रचत नाही. तिने काठी खुपसली. काठी आत जाऊन ठक्क वाजली. ड्रायव्हरने घाबरून लाकडाचा धंदा करणाऱ्या सेठचं नाव सांगितलं, आणि तिने ते नाव पंचनाम्यात लिहून टाकलं.

साहेबांचा फोन आला तेव्हा पंचांच्या सह्या होऊन गेल्या होत्या.

"सोडून द्या, बाई."

"पंचनामा झाला, साहेब."

"कागदच आहे ना तो? फाडता येतो."

"सरकारी कागद आहे जी."

साहेब हसले. "बरं, बरं. चांगलं काम केलं तुम्ही," म्हणाले आणि फोन ठेवला. रागावून बोलले असते तर रत्नमालाला झोप लागली असती. माणूस शिव्या देतो तेव्हा त्याचा राग अर्धा निघून जातो. हसणाऱ्याचा सगळाच्या सगळा पोटात राहतो.

पावसाळा सरता सरता बदलीचा हुकूम निघाला. वनरक्षक रत्नमाला सुखदेवे यांची प्रशासकीय कारणास्तव बदली, पार गोंदियाच्या टोकाला, चिचगडच्या पल्याड. जिल्हा एक होता तेव्हाही तिकडे जायचं म्हटलं की भंडाऱ्याचा कर्मचारी आधी देव आठवायचा आणि मग आमदार. जिल्हा फुटून गोंदिया वेगळा झाला, तरी वनखात्याच्या बदलीला ती हद्द लागू नव्हती. नकोसा माणूस उचलून टाकायला ती जागा अजून कामाची होती.

रत्नमालाला जंगलाचं भय नव्हतं. झाड इथलं काय नि तिथलं काय. तिची अडचण आंबागडला घरात खाटेवर बसलेली होती. तिची माय, पार्वताबाई. मायच्या दोन्ही किडन्या बसल्या होत्या. आठवड्यातून दोनदा तिला भंडाऱ्याला नेऊन मशीनवर रक्त धुऊन आणावं लागे. रत्नमालाने लग्न केलं नव्हतं, बाप कधीच गेला होता, आणि धाकटी बहीण राखी बपेऱ्याला सासरी होती. तिच्या घरी सासू-सासरे, दोन म्हशी नि धानाची शेती. तिला आठवड्यातून दोनदा कोण सोडणार? म्हणून रत्नमाला नाक्यावर लोकांच्या रात्रपाळ्या करायची, आणि त्या बदल्यात मशीनचे दिवस मोकळे ठेवायची. मशीन चुकली की मायचं तोंड सुजायचं, श्वास लागायचा. दोन चुकल्या तर काय होईल, ते डॉक्टरांनी स्पष्ट सांगून ठेवलं होतं.

म्हणून ती नागपूरला वकिलाकडे गेली. बन्सोड वकील म्हणजे ओळखीतले, नोकरीतल्या माणसांच्याच केसेस लढणारे. त्यांनी हुकूम वाचला आणि चष्मा वर ढकलला.

"तीन वर्षं झाली का त्या नाक्यावर?"

"नाही जी. दीड झालं."

"मग मुदतीआधी उचललं कशाला, ते त्यांना लिहून द्यावं लागते. इथं कारणच नाही. केस बांधीव आहे, बाई. मंगळवारी न्यायाधिकरणात लावतो, स्थगिती घेतो. पण तोपर्यंत एक करा. त्यांच्या हाती लागू नका."

"म्हणजे?"

"म्हणजे तुम्हाला अजून कार्यमुक्त केलेलं नाही. तुम्ही अजून नाक्याच्याच आहात. एकदा का ऑफिसनं तुम्हाला मोकळं केलं, की कोर्ट म्हणते, आता स्थगिती कशाला देऊ? रेल्वे निघून गेल्यावर फाटक पाडून काय उपयोग? म्हणून कागद घेऊ नका, सही करू नका, चार्ज देऊ नका. आजारीपणाची रजा टाका आणि मंगळवारपर्यंत दिसू नका."

तिने तसंच केलं. रजेचा अर्ज टाकला, घराला कुलूप लावलं आणि मायला घेऊन बपेऱ्याला राखीकडे गेली. ऑफिसचा शिपाई आंबागडला येऊन गेला. दारावर कागद चिकटवायचा तर गावातले दोन पंच लागतात. किल्ल्याच्या पायथ्याच्या त्या गावात पार्वताबाईच्या दारावर कागद चिकटवायला एकही माणूस पंच झाला नाही. कोणी म्हणालं चष्मा नाही, कोणी म्हणालं हात दुखून राहिला. शिपाई कागद तसाच घेऊन परत गेला.

इथवर सगळं ठीक होतं. हुकुमाची वाट बंद झाली, तेव्हा ऑफिसने दुसरी वाट काढली.

रविवारी बपेऱ्याला भैय्यालाल बिसने आला. भैय्यालाल वनपाल होता, तिच्याहून वरचा नि वयानेही मोठा. नोकरीत आली तेव्हा तिला झाडाची गोलाई मोजायला त्यानेच शिकवलं होतं. ती त्याला भाऊ म्हणायची. येताना त्याने मायसाठी सफरचंदं आणली.

"काय व रत्ना, चोरासारखी लपून बसली का?" तो खाटेवर टेकत म्हणाला.

"तुम्हीच लपाले लावलं, भाऊ."

"मी? मी तं शिपायालेच म्हनलो, बाबू, कागद हळू घेऊन जाजो, बाई घरी नसली पाह्यजे." तो मोठ्याने हसला, मग आवाज खाली आणला. "आयक. केसचं होईल ते होईल. तू जिंकशीन असं साहेबबी म्हनते. पन स्टाफची इच्छा हाये. सेठचा ट्रॅक्टर धरला, आजवर कोन्या माईच्या लालनं धरला नाही. त्याचा सत्कार करावाचा हाये तुहा. उद्या, सोमवारी."

"वकिलानं मनाई केली ऑफिसात जावाले."

"कागदाले मनाई केली ना? कागद कोन देऊन राहिला? सही नाही, चार्ज नाही. चहा, चिवडा नि शाल-श्रीफळ. आन मायलेबी आन. साहेब सोता म्हनले, ज्या माईनं अशी पोरगी वाढवली, तिले पह्यली शाल."

पार्वताबाईने सुजलेले डोळे उघडले. "मले?"

"हो, माय. खुर्चीवर बसवून."

मायने डोक्यावरचा पदर सारखा केला. रत्नमालाने तिच्याकडे पाहिलं आणि तिला कळलं, की आपण हरलो. पार्वताबाईचा जन्म दुसऱ्यांच्या धानाच्या बांधीत चिखलात रोवणी करण्यात गेला होता. सरकारी बंगल्यावर ती आयुष्यात एकदाच गेली होती, अंगण सारवायला. सारवून झाल्यावर तिला मागच्या दाराने पाणी दिलं होतं, वरून, ओंजळीत. हे तिने पोरींना सांगितलं नव्हतं. पोरींनी दुसरीकडून ऐकलं होतं.

भैय्यालाल गेल्यावर माय म्हणाली, "जाऊ ना व."

"माय, मंगळवारी कोर्ट हाये."

"कोर्ट मंगळवारी हाये, सत्कार सोमवारी हाये. मान चालून येते तं त्याले पाठ नाही दाखवाव, बाई. आपल्या घरात कोनाच्या खांद्यावर पडली आजवर शाल?"

राखी चुलीपासून ओरडली, "नको जाऊ, रत्ना. बिसने भाऊ सफरचंद घेऊन आला, तवाच मले वास आला."

"तुले सगळ्याचाच वास येते," माय म्हणाली. "म्हशी राखून राखून नाक बिघडलं तुहं."

रत्नमालालाही हसू आलं. तिने मनाशी वकिलाचे शब्द पुन्हा मोजून पाहिले. कागद नाही, सही नाही, चार्ज नाही. शालीबद्दल वकील काही म्हणाला नव्हता. वकील नागपूरचा, त्याला हे सुचलंच नसेल. आणि तिला त्याला फोन करून विचारायची लाज वाटली, की माझ्या मायला शाल घेऊ देऊ का?

सोमवारी ती मायला ऑटोतून घेऊन गेली. माय धुतलेलं पांढरं लुगडं नेसली होती. ऑफिसच्या सभागृहात खुर्च्या मांडल्या होत्या, टेबलावर हार होते. भैय्यालालने मायला दोन्ही हातांनी धरून नेलं आणि साहेबांच्या शेजारच्या खुर्चीवर बसवलं. रत्नमाला ऑटोवाल्याला थांबायला सांगून मागून आली, तेव्हा तिची नजर भिंतीवर गेली. भिंतीवर फलक होता. त्यावर तिचं नाव, तिचा हसरा फोटो, आणि मोठ्या अक्षरात 'निरोप समारंभ'.

ती दारातच थांबली. "भाऊ, हे काय?"

"अव, फलकवाल्याजवळ तोच साचा तयार होता. सत्काराचा बनवाले दोन दिवस मांगत होता. चाल, सगळे पाहून राहिले."

"मी नाही येत."

"मंग मायले उतरव खुर्चीवरून," भैय्यालाल म्हणाला. तो अजूनही हसत होता, पण आवाजातलं पाणी आटलं होतं. "जाय. सगळ्यांसमोर उठव तिले. आमचा हात नाही लागणार."

रत्नमालाने मायकडे पाहिलं. पार्वताबाई ताठ बसली होती. हात मांडीवर, पाय जुळवलेले, जणू कोणी फोटो काढतंय. आणि खरंच एक जण मोबाइलवर काढत होता. साहेब तिच्याकडे वाकून काही विचारत होते आणि माय मान हलवत होती. तिच्या तोंडावरची सूजसुद्धा त्या घटकेला शोभत होती.

तिला उठवणं रत्नमालाला जमलं नाही. ती जाऊन बसली.

साहेबांनी आधी मायला शाल दिली, मग रत्नमालाला. नारळ दिले. भाषण केलं. "हिऱ्याला कोंदणातून काढताना सोनाराचा हात थरथरतो," ते म्हणाले, आणि त्यांचा हात जराही थरथरत नव्हता. मग म्हणाले, "आता बाईंनी दोन शब्द बोलावेत."

सरकारी समारंभात जे बोलतात, ते सगळ्यांना पाठ असतं. नवीन लागलेला शिपाईसुद्धा झोपेत बोलू शकतो. रत्नमाला उभी राहिली, आणि तोंडातून ते पाठ असलेलंच बाहेर पडलं. "सगळ्यांनी मला सांभाळून घेतलं. इथून जाताना मन भरून येत आहे. काही चुकलं असेल तर माफ करावं." बोलून झाल्यावर तिला स्वतःचेच शब्द ऐकू आले. पण टाळ्या वाजल्या होत्या. सगळ्यात जास्त वेळ माय वाजवत होती.

मंगळवारी नागपूरला न्यायाधिकरणात तिचा नंबर दुपारी लागला. बन्सोड वकिलांनी चांगली सुरुवात केली. दीड वर्षात बदली, कारण नाही, सेठचा ट्रॅक्टर, आजारी आई, सगळं मांडलं. समोरचे न्यायमूर्ती ऐकत होते, मान डोलवत होते. रत्नमालाच्या जिवात जीव आला.

मग सरकारी वकील उठले. त्यांनी फार काही बोलायची तसदी घेतली नाही. "अर्जदार काल कार्यमुक्त झाल्या आहेत," म्हणाले आणि फोटो पुढे केले. मग मोबाइल पुढे केला. त्या शांत खोलीत रत्नमालाचा स्वतःचा आवाज घुमला. इथून जाताना मन भरून येत आहे.

मागच्या बाकांवर कोणीतरी फस्सकन हसलं.

"या तुम्हीच ना?" न्यायमूर्तींनी तिलाच विचारलं.

"हो जी. पण मला कागद दिलाच नाही, साहेब. सहीसुद्धा नाही."

"कार्यालय म्हणते, समारंभातच हुकूम वाचून दाखवला, तुम्ही सही न करता स्वीकारला. ते खोटं मानलं तरी या फोटोचं काय करायचं? सक्तीने शाल पांघरली का तुम्हाला?"

सक्ती झाली होती, पण ती शालीची नव्हती.

"आणि ह्या कोण शेजारी?"

"माझी आई."

"यांनाच रक्त धुवायला न्यावं लागतं?"

"हो जी."

"गोंदियालाही मशीन आहे," सरकारी वकील सहज म्हणाले. "आणि आई प्रवास करू शकतात. काल केलाच की. चांगल्या आनंदात दिसतात." चिचगडच्या पल्याडहून गोंदिया किती लांब, ते कोणी विचारलं नाही.

स्थगिती मिळाली नाही. अर्ज चालू राहील, पण आधी नव्या जागी हजर व्हावं, असं ठरलं. बाहेर आल्यावर बन्सोड वकिलांनी कोट काढून हातावर टाकला. त्यांनी शिवी दिली नाही, एवढीच मेहेरबानी. "मी तुम्हाला कागद घेऊ नका म्हणालो होतो," ते म्हणाले. "माणसं हार घालायला येतील, हेही सांगून ठेवावं लागतं, हे मला माहीत नव्हतं."

संध्याकाळी रत्नमाला आंबागडला पोचली. राखीने मायला सफरचंदांच्या पिशवीसकट तिथे आणून सोडलं होतं. पार्वताबाई अंगणात खाटेवर बसली होती, अंगावर ती शाल. मशीनवर थंडी वाजते म्हणून उद्या भंडाऱ्यालाही हीच पांघरून जाईन, असं तिने शेजारणीला सांगून ठेवलं होतं. लेकीला पाहून ती अर्धी उठली.

"जिंकलो का व?"

रत्नमाला दिवसभर उपाशी होती. बसमध्ये उभ्याने आली होती. रस्ताभर तिच्या कानात तेच हसू वाजत होतं. ती म्हणाली, "तुह्या शालीनं हरली मी."

"काय?"

"ह्या शालीनं. फोटोत तू अशी बसली होती का, जसं तुहंच लगन हाये. सरकारी वकील म्हने, आनंदात दिसते बाई. घे आता. पांघर. उद्या मशीन नसली तं शालीनंच धुऊन घेजो रक्त."

बोलून झालं. बोललेलं परत घेता येत नाही, हे कोर्टात शिकून आलेल्या बाईला घरी आठवलं नाही. शेजारीण उठून गेली. माय बराच वेळ शालीच्या काठावर अंगठा फिरवत राहिली.

"वापस देऊन दिली तं?" ती शेवटी म्हणाली. "साहेबाले शाल वापस देऊन दिली, तं ते फोटो वापस देतीन का?"

रत्नमाला आत निघून गेली.

सकाळी जीप दारात आली. शाल घडी करून खाटेवर ठेवलेली होती, आणि माय दाराच्या चौकटीला धरून उभी होती.

"मी नाही येत."

"माय, चाल. उशीर होऊन राहिला."

"मी हाव तवरी तू हजर नाही होनार. तू हजर नाही झाली तं ते तुले काढून टाकतीन. हेच पाह्यजे त्याइले. नौकरी हाये तं मानूस हाये, बाई. नाही तं पुन्हा बांधी, पुन्हा चिखल."

"मी चुकून बोलली काल. रागात बोलली."

"खोटं नव्हती बोलली," माय म्हणाली. त्यात राग नव्हता.

रत्नमालाने विनवलं, मग ओढलं. जीपवाल्यानेही हात लावला. पार्वताबाईच्या अंगात बळ उरलं नव्हतं, तरी चौकटीला धरलेली बोटं एकेक करून सोडवावी लागली, आणि एक सोडवलं की दुसरं घट्ट व्हायचं. बोटं मोडतील म्हणून जीपवाला मागे सरला. राखी आली, पाया पडली. डॉक्टरांना फोन लावला, ते म्हणाले, उचलून आणा. उचललं तर माय ओरडली, आणि ती ओरडली तसं सगळं गाव दारात आलं. दुसऱ्या मशीनचा दिवसही तसाच गेला. मग तिच्या छातीत पाणी भरलं, आणि त्यानंतर ती ओरडू शकत नव्हती. तेव्हा तिला उचलून जीपमध्ये घातलं. भंडारा यायच्या आधीच, वाटेत, रत्नमालाच्या मांडीवर तिचा श्वास थांबला.

मातीला ऑफिसची माणसं आली. भैय्यालालही आला. त्रिशरण झालं, पंचशील झालं, लोकांनी पांढरं कापड घातलं. तो रत्नमालाजवळ येऊन उभा राहिला.

"माय त्या दिवशी कितीक खूश होती, नाही?" तो म्हणाला. त्याचे डोळे खरेच ओले होते. तेच तिला सहन झालं नाही. खोटं रडणाऱ्याला तिने काही तरी म्हटलं असतं.

"भाऊ," ती म्हणाली, "तुमचे सफरचंद राहिले घरी. सडून जातीन. घेऊन जा."

दिवस झाल्यावर ती हजर व्हायला निघाली. घरात आता अडचण नव्हती. शाल तिने पेटीत टाकली होती. जाळावी असं दोनदा मनात आलं, पण मायच्या अंगाची ऊब लागलेली वस्तू तिला जाळता आली नाही, आणि पांघरताही आली नाही.

चिचगडच्या पल्याडचा नाका म्हणजे बांबूचं फाटक, एक खोली आणि मोहाचं झाड. तिथे कुंताबाई नावाची म्हातारी रोजंदार होती. वणवा पसरू नये म्हणून जंगलात जाळरेषा काढायची, नाक्यावर पाणी भरायची. नवीन मॅडम येणार, त्यांची माय नुकतीच गेली, एवढंच तिने ऐकलं होतं. इकडे कोणी बाई वनरक्षक आजवर आली नव्हती. कुंताबाईने आठवडी बाजारातून स्वतःच्या मजुरीतून एक शाल आणून ठेवली होती. स्वस्तातली, हिरव्या काठाची.

रत्नमाला मोटारसायकलवरून उतरली तशी ती लगबगीने पुढे आली. दोन्ही हातांवर शाल, वर नारळ. मागे एक वनमजूर हौसेने मोबाइल घेऊन उभा.

"या मॅडम," कुंताबाई दात नसलेल्या तोंडाने हसत म्हणाली. "आमच्याकडं पहिल्यांदाच बाईमानूस आला. माह्या हातानं घ्या."

रत्नमालाने त्या हातांकडे पाहिलं. भेगाळलेले, चिखलाचे, ओळखीचे हात होते. तिला ते कळलं. कळूनही तिने आपले हात पाठीमागे नेले.

"कोणी सांगितलं तुम्हाला हे आणायला?"

"कोनी नाही, मॅडम. मीच..."

"कोणाचा फोन आला होता? खरं सांगा."

"कोनाचाच नाही व माय..." म्हातारीचं हसू तोंडातच थांबलं.

"मी तुमची माय नाही. आणि तो मोबाइल खिशात घाला." ती खोलीकडे वळली. "शाल दुकानात परत करा. घेतील. आणि उद्यापासून नाक्यावर शाल-नारळ दिसला, तर रोजंदारी बंद करीन."

वनमजुराने मोबाइल खिशात टाकला. कुंताबाई मात्र बराच वेळ मोहाच्या झाडाखाली तशीच उभी होती. हात पुढे, हातांवर शाल, शालीवर नारळ. खाली ठेवावं तर अपमान कोणाचा होतो, ते तिला समजत नव्हतं.

आत रत्नमालाने हजर झाल्याच्या कागदावर सही केली.